अटकपूर्व जामिनाचा तराजू : जळगांवचें एक प्रकरण

सन 2020 च्या जानेवारी महिन्याच्या 6 तारखेस जळगांवच्या सत्र न्यायालयानें एका तरुण नोकरदारास अटकपूर्व जामीन मंजूर केला. शाळेंत शिकणाऱ्या एका अज्ञान मुलीवर त्यानें वारंवार अत्याचार केला, असा त्याच्यावर आरोप होता. पुढें तेरा महिन्यांनीं, 5 फेब्रुवारी 2021 रोजीं, मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठानें तो जामीन रद्द केला. त्यानंतर महिना पुरा होण्याच्या आंतच, 1 मार्च रोजीं, तेंच प्रकरण दिल्लीस सर्वोच्च न्यायालयापुढें उभें राहिलें आणि देशभर गाजलें. खानदेशांतील एका फिर्यादीनें तीन न्यायालयें पाहिलीं आणि प्रत्येक ठिकाणीं तिला निराळा अनुभव आला. आरोपी दोषी कीं निर्दोष, हा प्रश्न या तीन पायऱ्यांपैकीं एकीवरहि सुटावयाचा नव्हता. प्रश्न होता तो एवढाच कीं, अटकेपूर्वींच संरक्षण मागणाऱ्या माणसाचा अर्ज तोलतांना तराजूंत काय घालावें आणि काय घालूं नये. तो प्रश्न समजण्यास तराजूचीं दोन्ही पारडीं कशीं घडलीं, हें आधीं पाहिलें पाहिजे.

अटकपूर्व जामीन ही वस्तु आपल्या कायद्यांत फार जुनी नाहीं. 1898 च्या फौजदारी प्रक्रिया संहितेंत तिचा उल्लेखहि नव्हता. आधीं अटक आणि मग जामीन, असा क्रम होता. अटकेच्या अगोदर न्यायालयानें हात घालावा कीं नाहीं, याविषयीं निरनिराळ्या उच्च न्यायालयांचीं मतें निरनिराळीं होतीं. 1969 सालीं विधि आयोगानें आपल्या 41 व्या अहवालांत अशी तरतूद करावी अशी शिफारस केली. त्यासाठीं आयोगानें दिलेलें कारण खेड्यांतल्या माणसालाहि सहज पटेल असें आहे. वजनदार माणसें आपल्या प्रतिस्पर्ध्याला खोट्या खटल्यांत गुंतवितात आणि चार दिवस कोठडींत बसवितात. पुढें तो निर्दोष सुटला तरी गांवांत गेलेली अब्रू परत येत नाहीं. धुळ्याच्या तुरुंगांत 1932 सालीं विनोबांनीं गीतेवर प्रवचनें दिलीं आणि साने गुरुजींनीं तीं उतरून घेतलीं. त्या दिवसांत तुरुंगाची वाट हा मान होता. परंतु खोट्या फिर्यादीपायीं बेडी पडलेल्या सामान्य गृहस्थाच्या वांट्याला तसला मान येत नाहीं. भर बाजारांतून पोलिसांच्या गाडीपर्यंत जाणें, हीच त्याची शिक्षा होऊन बसते.

आयोगाची शिफारस मान्य झाली. 1973 ची नवी संहिता 1 एप्रिल 1974 पासून अंमलांत आली आणि तिच्या 438 व्या कलमानें हा अधिकार सत्र न्यायालय व उच्च न्यायालय या दोघांनाच दिला. पुढें 1980 सालीं पंजाबांतील एका माजी मंत्र्याच्या प्रकरणांत पांच न्यायमूर्तींच्या घटनापीठानें त्या कलमाचा अर्थ लावला. तो निकाल लिहिणारे सरन्यायाधीश यशवंत विष्णु चंद्रचूड हे पुण्याचे होते. अर्जदारास भीति वाटते एवढ्यानें भागत नाहीं, त्या भीतीला सांगतां येण्याजोगा आधार हवा. कोणत्याहि गुन्ह्यांत केव्हांहि अटक करूं नये असा सरसकट हुकूम देतां येत नाहीं. मात्र फिर्याद नोंदली जाण्यापूर्वींहि अर्ज करतां येतो, आणि कायद्यानें न्यायाधीशाच्या विवेकाभोंवतीं जें कुंपण घातलेलें नाहीं तें न्यायालयानेंहि घालूं नये. हा निकाल आजहि पायाभूत मानला जातो. 29 जानेवारी 2020 रोजीं दुसऱ्या एका घटनापीठानें त्याच्या जोडीला असें ठरविलें कीं, दिलेल्या संरक्षणाला सामान्यतः मुदतीचें बंधन असूं नये.

महाराष्ट्रानें तर 1993 सालीं स्वतःची दुरुस्ती करून हें कलमच नव्यानें लिहिलें. आरोपाचें स्वरूप व गांभीर्य, अर्जदाराचें पूर्वचरित्र, त्याची पळून जाण्याची शक्यता, आणि त्याची मानहानि करण्यासाठींच हा आरोप रचला गेला आहे काय, या गोष्टी न्यायाधीशानें पाहाव्या, असें त्यांत स्पष्ट सांगितलें होतें. शेवटची गोष्ट विसरूं नये. जळगांवचा वाद पुढें तिच्याच आसपास फिरला.

दुसऱ्या पारड्याचा इतिहास याहून जुना आहे. 1860 च्या दंडसंहितेंत मुलीच्या संमतीला अर्थ येण्याचें वय अवघें 10 वर्षें होतें. 1891 च्या संमतिवयाच्या कायद्यानें तें 12 वर आणलें, आणि तेवढ्यासाठीं पुण्यामुंबईंत केवढें रण माजलें! टिळक एका बाजूस, आगरकर दुसऱ्या बाजूस. सभा, प्रतिसभा, वर्तमानपत्रांचे रकाने. 1925 सालीं तें वय 14 झालें, पुढें 16 झालें. लैंगिक अपराधांपासून बालकांचें संरक्षण करणारा 2012 चा कायदा त्या वर्षीं 14 नोव्हेंबरला लागू झाला आणि त्यानें ही मर्यादा 18 वर नेली. या कायद्याचें वैशिष्ट्य असें कीं, त्यांत मुलगा आणि मुलगी असा भेद नाहीं. अठरा वर्षांखालील प्रत्येक व्यक्ति बालक होय. बालकानें हो म्हटलें कीं नाहीं म्हटलें, हा प्रश्न कायद्यानें न्यायालयाच्या चौकटीबाहेर काढला आहे. शिवाय कांहीं गंभीर अपराधांत आरोपीनें गुन्हा केला असें गृहीत धरावयाचें आणि तसें नाहीं हें त्यानें सिद्ध करावयाचें, असेंहि त्यांत सांगितलें आहे. अर्थात् जामिनाच्या टप्प्यावर या गृहीताला किती वजन द्यावें, यावर उच्च न्यायालयांत एकवाक्यता नाहीं.

इतका कडक कायदा. पण अटकपूर्व जामिनाविषयीं त्यानें स्वतःचा निराळा नियम केला नाहीं. सामान्य फौजदारी संहिताच विशेष न्यायालयाला लागू राहील, असें म्हणून तो पुढें गेला. त्यामुळें अब्रूदार माणसाला खोट्या फिर्यादीपासून वांचविण्यासाठीं जें पारडें घडलें तेंच बालकांच्या प्रकरणांतहि वापरावें लागलें. पेंच येथें सुरू होतो.

जळगांवास काय, धुळ्यास काय, अर्जाची वाट सारखीच आहे. जिल्ह्याच्या सत्र न्यायालयांतील एक न्यायाधीश विशेष न्यायालयाचें काम पाहतो. आरोपीचा वकील अर्ज दाखल करतो. न्यायालय सरकारी वकिलास नोटीस देऊन तपासी अंमलदाराचें म्हणणें मागवितें. तोंपर्यंत अंतरिम संरक्षण द्यावें कीं नाहीं हा पहिला प्रश्न. मग केस डायरी येते, मुलीचा जबाब येतो, वयाचा दाखला येतो, वैद्यकीय तपासणीचा कागद येतो. अर्ज मंजूर झाला तर ठराविक रकमेचा जातमुचलका, हमीदार, ठाण्यावर हजेरी, साक्षीदारांना न भेटण्याची अट. नामंजूर झाला तर अर्जदार औरंगाबादेस, म्हणजे आतांच्या छत्रपति संभाजीनगरास, खंडपीठाकडे धांव घेतो. ही सारी घालमेल पुष्कळदां कांहीं दिवसांत उरकते. पुरावा तपासला गेलेला नसतो, उलटतपासणी झालेली नसते. कागदांवरून जेवढें दिसतें तेवढ्यावर न्यायाधीशाला मन बनवावें लागतें. म्हणूनच त्यानें कोणत्या कागदाकडे पाहिलें याला इतकें महत्त्व येतें.

आतां जळगांवचें प्रकरण. 2019 सालीं नोंदलेल्या फिर्यादीचें म्हणणें असें होतें कीं, मुलगी सोळा वर्षांच्या आसपास असतां आरोपीनें तिचा पाठलाग केला, घरीं कोणी नसतांना शिरून तिच्यावर बळजबरी केली, धमक्या देऊन तिचें तोंड बंद ठेवलें आणि हा प्रकार पुढें चालू राहिला. मुलीनें जीव देण्याचाहि प्रयत्न केला. पोलिसांकडे जाण्याची वेळ आली तेव्हां आरोपीच्या आईनें ती सज्ञान झाल्यावर लग्न लावून देण्याचें वचन दिलें, आणि मुलीच्या निरक्षर आईकडून स्टँप पेपरावर, हें सर्व संमतीनें घडलें, असा मजकूर सही करून घेतला. पुढें लग्नाचें वचन मोडलें आणि फिर्याद झाली. हें सर्व फिर्यादीचें कथन आहे. तें सिद्ध करण्याची जागा खटला, जामीन नव्हे.

सत्र न्यायाधीशांनीं जामीन देतांना मान्य केलें कीं मुलगी त्या वेळीं अज्ञान होती. तिच्या संमतीला कायद्यांत किंमत नाहीं, हेंहि मान्य केलें. आणि मग, फिर्यादींत तिनें संततिप्रतिबंधक साधनाचा जो नेमका उल्लेख केला होता त्यावरून ती पुरेशी प्रौढ होती, संबंध संमतीचे होते आणि खोटें गुंतविलें जाण्याची शक्यता नाकारतां येत नाहीं, असा निष्कर्ष काढला. म्हणजे एका हातानें जी वस्तु तराजूबाहेर ठेवली तीच दुसऱ्या हातानें परत आंत घातली. मुलीनें जें सोसलें तें तपशिलानें सांगितलें, म्हणून ती जाणती ठरली. आणि तपशिलानें सांगितलें नसतें, तर फिर्याद मोघम आहे असें म्हटलें गेलें असतें. तिनें करावें तरी काय?

मुलगी स्वतः उच्च न्यायालयांत गेली. न्यायमूर्ति मंगेश पाटील यांनीं जामीन रद्द करतांना सत्र न्यायालयाच्या विचारसरणीवर कठोर शब्दांत ताशेरे ओढले. अशा गंभीर प्रकरणांत संवेदनशीलतेचा पूर्ण अभाव दिसतो, असें सांगून ते न्यायाधीशाच्या योग्यतेविषयींहि बोलले. वरिष्ठ न्यायालयानें कनिष्ठ न्यायाधीशाबद्दल इतकें तीव्र लिहूं नये, असा एक संकेत आहे व तो बरा आहे. परंतु तेरा महिने एका चुकीच्या कारणमीमांसेच्या आधारावर आरोपी संरक्षणाखालीं राहिला, हें ध्यानांत घेतलें तर त्या शब्दांचें आश्चर्य वाटत नाहीं.

मुलीच्या वर्तनावरून संमतीचें अनुमान काढण्याची ही रीति महाराष्ट्राला नवी नव्हती. 1972 सालीं चंद्रपूर जिल्ह्यांतल्या देसाईगंज पोलिस ठाण्यांत एका गरीब आदिवासी मुलीवर दोन पोलिसांनीं अत्याचार केल्याचें प्रकरण घडलें. तेथेंहि सत्र न्यायालयानें तिच्या पूर्वायुष्यावर बोट ठेवून आरोपींना सोडलें. नागपूर खंडपीठानें त्यांना दोषी ठरविलें. आणि सर्वोच्च न्यायालयानें, तिच्या अंगावर प्रतिकाराच्या खुणा नाहींत म्हणून, पुन्हां सोडलें. 1979 सालीं चार कायदेपंडितांनीं सरन्यायाधीशांना उघडें पत्र लिहिलें, देशभर चळवळ झाली आणि 1983 सालीं कायदा बदलला. खुद्द जळगांवांतहि 1994 सालीं उघडकीस आलेलें वासनाकांड जुन्या माणसांच्या स्मरणांत आहे. मुलींचीं छायाचित्रें काढून त्यांना धमकाविलें गेल्याच्या त्या प्रकरणासाठीं विशेष न्यायालय नेमलें होतें. तरी कित्येक पीडिता साक्षीस पुढें आल्या नाहींत आणि बहुतेक खटले टिकले नाहींत. साक्षीदारावर दबाव येईल काय, हा जामिनाच्या वेळचा प्रश्न या शहरांत पुस्तकी नाहीं.

सर्वोच्च न्यायालयांत 1 मार्च 2021 रोजीं सरन्यायाधीश शरद बोबडे यांच्या पीठापुढें आरोपीच्या वकिलांनीं सांगितलें कीं, अटक झाली तर नोकरींतून निलंबन होईल. तेव्हां, तुम्ही तिच्याशीं लग्न करणार काय, असा प्रश्न पीठाकडून विचारला गेल्याची वार्ता सर्वत्र पसरली. आरोपी पूर्वीं तयार होता पण मुलीनें नकार दिला, आणि आतां त्याचें लग्न झालें आहे, असें उत्तर मिळालें. पीठानें उच्च न्यायालयाच्या निकालांत हात घातला नाहीं; मात्र चार आठवडे अटकेपासून संरक्षण देऊन, नियमित जामिनासाठीं अर्ज करण्याची मुभा ठेवली. हजारों नागरिकांनीं निषेधाचें पत्र लिहिलें. 8 मार्चला, म्हणजे महिलादिनींच, सरन्यायाधीशांनीं खुलासा केला कीं न्यायालयाच्या बोलण्याचा विपर्यास झाला आणि न्यायालयाला स्त्रीत्वाबद्दल नितांत आदर आहे. जळगांवच्या कागदपत्रांत स्टँप पेपरावर लिहून घेतलेलें लग्नाचें वचन आधींच होतें, हें लक्षांत घेतलें म्हणजे तो प्रश्न सद्भावनेनें विचारला असला तरी तो नेमका दुखऱ्या जागीं लागला, असें म्हणावें लागतें. लग्न हा या अपराधावरील तोडगा नाहीं, हें सर्वोच्च न्यायालयानेंच 2015 सालीं मध्यप्रदेशाच्या एका प्रकरणांत ठणकावून सांगितलें होतें.

यानंतर दहाच दिवसांनीं, 18 मार्च 2021 रोजीं, न्यायमूर्ति अजय खानविलकर व न्यायमूर्ति रवींद्र भट यांनीं दुसऱ्या एका प्रकरणांत जामिनाविषयीं सविस्तर सूचना दिल्या. इंदूरच्या खंडपीठानें एका आरोपीला, फिर्यादी स्त्रीकडून राखी बांधून घे, अशी अट घातली होती. ती रद्द झाली. जामिनाच्या अटींमुळें आरोपीचा पीडितेशीं संपर्क घडूं नये, तडजोड किंवा लग्न सुचवूं नये, तिच्या पोषाखाविषयीं, वागणुकीविषयीं वा पूर्वायुष्याविषयीं शेरे मारूं नयेत, असें त्यांत आहे. त्याच वर्षीं मुंबई उच्च न्यायालयानें एका सामाजिक कार्यकर्त्याच्या याचिकेवर, बालकांच्या प्रकरणांत जामिनाची सुनावणी असेल तेव्हां बालकाच्या कुटुंबाला सूचना मिळालीच पाहिजे, असें बजावलें. जळगांवची मुलगी स्वतः उच्च न्यायालयाची पायरी चढली. सर्वांनाच तें साधतें असें नाहीं.

पुढील वर्षीं दोन निकाल आले आणि तराजू आणखी स्पष्ट झाला. फेब्रुवारी 2022 मध्यें झारखंडांतील सुमारें तेरा वर्षांच्या मुलीच्या प्रकरणांत न्यायमूर्ति धनंजय चंद्रचूड व न्यायमूर्ति सूर्यकांत यांनीं, प्रेमसंबंध होता आणि लग्नास नकार दिला म्हणून फिर्याद झाली, हें जामिनाचें कारण होऊं शकत नाहीं असें ठरविलें. पित्यानें 1980 सालीं न्यायाधीशाचा विवेक मोकळा ठेवला आणि पुत्रानें 2022 सालीं त्या विवेकांत काय शिरूं नये हें सांगितलें, हा योग इतिहासाच्या अभ्यासकाला गंमतीचा वाटेल. त्याच वर्षीं ऑक्टोबरांत, केरळांतील एका बालकाच्या प्रकरणांत, कोठडींत घेऊन चौकशी करण्याची गरज नाहीं एवढ्याच कारणावर अटकपूर्व जामीन देणें चूक आहे, असें सर्वोच्च न्यायालयानें म्हटलें. प्रथमदर्शनीं गुन्हा दिसतो काय आणि तो किती गंभीर आहे, हें आधीं पाहावें. कोठडीची गरज ही त्यानंतरची गोष्ट.

तथापि दुसरी बाजू नाहींशी झालेली नाहीं. सतरा वर्षांची मुलगी आणि एकोणीस वर्षांचा मुलगा घर सोडून जातात, मुलीचा बाप फिर्याद करतो, आणि मुलगी न्यायालयांत मुलाच्याच बाजूनें बोलते. अशीं प्रकरणें सर्वत्र आहेत. जातीचा प्रश्न आंत असेल तर बापाची फिर्याद कशासाठीं आहे, हें कोणालाहि कळतें. विधि आयोगाला 1969 सालीं जो खोटा खटला दिसला होता तो अशा वेळीं नव्या वेषांत उभा राहतो. 2023 सालीं न्यायमूर्ति भारती डांगरे यांनीं एका निकालांत या वयाच्या मर्यादेचा फेरविचार व्हावा असें सुचविलें. विधि आयोगानें त्याच वर्षीं 283 व्या अहवालांत मर्यादा खालीं आणूं नये असें म्हटलें, पण सोळा ते अठरा या वयाच्या प्रकरणांत, मुलाची वा मुलीची स्वेच्छा दिसत असेल तर, शिक्षा देतांना न्यायाधीशाला मर्यादित मोकळीक असावी, असें सुचविलें. जळगांवच्या प्रकरणाला हें लागू करूं पाहणें चुकीचें होईल. तेथें मुलगी स्वतः फिर्यादी होती आणि ती बळजबरीच सांगत होती. दोघांत फरक करण्यास न्यायाधीशाला मुलीचा शब्दच ऐकावा लागतो, तिच्या ज्ञानाची परीक्षा घ्यावी लागत नाहीं.

संसदेनें 2018 सालीं कांहीं प्रकरणांपुरता हा तराजूच काढून घेतला. सोळा वर्षांखालील मुलीवरील बलात्काराच्या आरोपांत अटकपूर्व जामीन मिळणार नाहीं, असें पोटकलम 438 व्या कलमास जोडलें गेलें. जळगांवच्या फिर्यादींतील घटना त्याच्या अगोदरच सुरू झालेल्या होत्या आणि कलमेंहि निराळीं लागलीं होतीं. 1 जुलै 2024 पासून नागरिक सुरक्षा संहिता आली. आतां तेंच कलम 482 या क्रमांकावर आहे. बंदी कायम राहिली, आणि सामूहिक बलात्काराच्या बाबतींत ती अठरा वर्षांपर्यंतच्या मुलींना लागू झाली. महाराष्ट्रानें 1993 सालीं लिहून ठेवलेल्या, न्यायाधीशानें पाहावयाच्या गोष्टी मात्र या नव्या कलमांत नाहींत. सोळा ते अठरा वर्षांच्या मुलीचें प्रकरण, जेथें आरोपी एकटा असतो, तें या बंदीच्या बाहेरच आहे. मुलगा बळी असेल तर वय कांहींहि असो, बंदी लागत नाहीं, कारण ती दंडसंहितेच्या बलात्काराच्या कलमांशीं बांधलेली आहे आणि तीं कलमें स्त्रीपुरतींच आहेत. अशा मुलाच्या आईबापांना आजहि जळगांवच्या किंवा धुळ्याच्या न्यायालयांत अर्जाच्या तारखेला जाऊन बसावें लागतें, आणि न्यायाधीशाला 1980 चा निकाल पुढें घेऊनच तो अर्ज तोलावा लागतो.